कोयंडा आधी बघा: मराठवाड्यात नवं बिऱ्हाड मांडणाऱ्यांसाठी घरफोडीची माहिती आणि बंदोबस्त

छत्रपती संभाजीनगरात माझं ग्रिल-गेटचं वर्कशॉप आहे. घरफोडी झालेल्या घरातून पहिला फोन पोलिसांना जातो, दुसरा भावाला नाहीतर मेहुण्याला, आणि पंचनामा उरकला की तिसरा आमच्यासारख्याला. रात्र पडायच्या आत दार लागायला हवं असतं. त्यामुळे फोडलेली दारं मी पुष्कळ पाहिली आणि त्यातली बहुतेक एकाच जागी हरलेली पाहिली. कुलूप जसंच्या तसं, बंदच्या बंद, कोयंड्यासकट उंबऱ्याशी पडलेलं. पेपरात 'कडी-कोयंडा तोडून' असं छापून येतं ते शब्दशः खरं असतं.

तो कोयंडा उलटा करून बघितला की सगळं कळतं. चार स्क्रू, जेमतेम अर्ध्या इंचाचे, आणि त्यांच्या आट्यांत अडकलेला चौकटीचा भुसा. त्यावर लटकणारं कुलूप मात्र दीड हजाराचं.

शेंद्रा, बिडकीन, वाळूजला नोकरी लागून खोली केलेले, पोराच्या शिकवणीसाठी लातूरला बिऱ्हाड हलवलेले आई-वडील, बदलीवर बीड, हिंगोली, धाराशिवच्या एखाद्या गावात आलेले शिक्षक, तलाठी, परिचारिका, अशा मंडळींसाठी हे लिहितोय. इथला उन्हाळा, इथलं पाणी, इथली गल्ली अजून तुमच्या अंगवळणी पडलेली नाही. चोराच्या ती चांगली अंगवळणी पडलेली असते.

पायरी १: रस्त्यावर उभं राहून स्वतःचं घर बघा

दार फोडणं हे चोराचं शेवटचं काम. त्याआधी त्याला एकच गोष्ट हवी असते, आत कोणी नाही याची खात्री. ती बहुतेक वेळा आपणच देतो.

बाहेरच्या गेटला लटकणारं कुलूप ही सगळ्यात मोठी पाटी. त्यानंतर दारात पडलेले दोन-तीन दिवसांचे पेपर, भर दुपारी जळणारा व्हरांड्यातला दिवा, सडा-रांगोळी नसलेलं एकच अंगण, मार्च-एप्रिलात पायरीवर साचलेला लिंबाचा पाला. दुपारी बेल वाजवून 'खोली भाड्याने आहे का' विचारणारा प्रत्येक जण चोर नसतो. पण बेल वाजवून कोणी येतंय का हे बघायची ती सोपी युक्ती आहे. अनोळखी माणसाशी बंद जाळीच्या आतूनच बोला. 'साहेब कामावर गेलेत, संध्याकाळी येतील' हे वाक्य तर जिभेवरून कायमचं काढून टाका.

इथली एक खास खूण सांगतो. आपल्याकडे नळाला पाणी रोज येत नाही, काही दिवसांच्या अंतराने येतं. ज्या दिवशी गल्लीची पाळी, त्या दिवशी घरोघरी मोटारी चालू, पाइप ओढलेले, गेटाखालून ओघळ रस्त्यावर आलेले. अशा गल्लीत एकाच घरापुढची फरशी कोरडी ठणठणीत असेल तर ते घर बंद आहे हे कोणी सांगायला लागत नाही. गावाला जाणार असाल तर शेजारच्या काकूंना एवढंच सांगा, पाण्याच्या दिवशी आमच्या ओट्यावर दोन बादल्या ओता. खर्च काही नाही, आणि माझ्या मते स्वस्तातल्या कॅमेऱ्यापेक्षा हे जास्त कामाचं आहे.

पायरी २: हंगाम समजून घ्या

दिवाळी, उन्हाळ्याच्या सुट्ट्या आणि लग्नसराई या काळात घरं बंद असतात हे सगळ्या महाराष्ट्राला लागू. मराठवाड्यात त्यावर आणखी दोन गोष्टी आहेत.

पहिली ऊसतोड. दसरा-दिवाळीनंतर बीड आणि आसपासच्या जिल्ह्यांतल्या गावांमधून टोळ्या पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात कारखान्यांवर जातात, त्या उन्हाळ्याच्या तोंडाशीच परततात. गल्लीच्या गल्ली ओस पडते, मागे म्हातारी माणसं आणि शाळेतली लेकरं. जूनमध्ये बदलीवर आलेल्या गुरुजींना गल्ली गजबजलेली दिसते, खोली पसंत पडते. डिसेंबरात तीच गल्ली रात्री आठला चिडीचूप होते. खोली घेतानाच विचारून ठेवा, हिवाळ्यात इथे कोण-कोण राहतं.

दुसरी सुगीची रक्कम. सोयाबीन, कापूस विकला गेला की आडतीवरून आलेले पैसे कोणाच्या घरी किती आलेत हे पारावर सगळ्यांना माहीत असतं. लग्नाचा बस्ता आणि दागिने घरी आले की तेच. ही रक्कम घरात रात्र काढता कामा नये, दुसऱ्या दिवशी बँकेत.

पायरी ३: दार, आणि इथे घाई करू नका

भाड्याच्या घरात पहिलं काम म्हणजे कुलूप बदलणं. आधीच्या भाडेकरूकडे, त्याच्या मेव्हण्याकडे, कामवाल्या मावशींकडे किती किल्ल्या फिरल्या याचा हिशोब मालकालाही नसतो. आतलं लॉक असेल तर पूर्ण लॉक बदलायची गरज नाही, नुसता सिलिंडर, म्हणजे किल्ली जाते तो लॉकचा गाभा, बदलून मिळतो. मालकाला सांगून करा, जुना सिलिंडर जपून ठेवा, खोली सोडताना परत बसवा.

मग कोयंडा. स्क्रू काढून फेका आणि आरपार बोल्ट टाका, नट आतल्या बाजूला येईल असा. नटाखाली पट्टी घाला, नुसत्या वायसरवर भागवू नका. फ्लश डोअर आतून पोकळ असेल तर नट लाकूड चिरडत बाहेर येतो. हे काम अर्ध्या तासाचं आहे. चौकटीकडची बाजू लोक विसरतात. दाराला भक्कम बोल्ट आणि चौकटीला तेच अर्ध्या इंचाचे स्क्रू, मग चोर चौकटीकडून उपटतो. चौकट भिंतीत होल्डफास्टने, म्हणजे भिंतीत गाडलेल्या लोखंडी पट्ट्यांनी, धरलेली आहे का तेही बघा. हाताने जोरात हलवल्यावर कडेचं प्लॅस्टर भुरभुर पडत असेल तर कुलपावर पैसे घालण्यात अर्थ नाही.

आपल्या जुन्या वाड्यांत आणि गढ्यांत ही अक्कल होती. दाराच्या आतून आडवा लाकडी आडणा, त्याची दोन्ही टोकं भिंतीतल्या खोबणीत. बाहेरून कितीही दणके दिले तरी ते स्क्रूवर न येता भिंतीवर येतात. आजही रात्री घरात असताना मागच्या दाराला आडवी पट्टी घालायची सोय केली तर तिच्या तोडीचं महागडं लॉक मला माहीत नाही.

बाहेर जाताना मात्र आतल्या लॉकचा फायदा आहे, कारण लटकणारं कुलूप दिसत नाही. फक्त दार ओढून घेऊन लॅच लागलं म्हणजे दार बंद झालं असं समजू नका. किल्ली पूर्ण फिरवा. आणि किल्ली चपलांच्या रॅकमध्ये, कुंडीखाली, मीटरच्या पेटीत ठेवायची सवय असेल तर ती आजच मोडा. त्या किल्लीचा एक वेगळाच घोळ आहे, तो शेवटच्या पायरीत सांगतो.

पायरी ४: गच्ची, कूलर, पत्रे

उन्हाळ्यात पारा चाळिशी ओलांडतो आणि घरदार गच्चीवर झोपायला जातं. खाली दाराला कुलूप, वर सगळे ढाराढूर. खाली काय आवाज होतो ते वर कळत नाही. किंवा उलटं, खाली सगळे झोपलेत आणि जिन्याचं दार वाऱ्यासाठी सताड उघडं. रो-हाऊसमध्ये तर गच्च्या एकमेकींना लागून असतात, कठडा ओलांडला की पुढचं घर. ओळीतल्या एका घराचं बांधकाम चालू असेल तर त्याच्या परांच्या सगळ्या ओळीसाठी शिडी होतात. म्हणून जिन्याचं दार हे मुख्य दाराइतकंच मजबूत करा. लोक तिथे पीव्हीसीचं दार लावतात आणि त्याला छोटीशी कडी. माझ्याच घरी असं होतं. दुसऱ्यांच्या जिन्यांना मी लोखंडी दारं बसवत फिरलो आणि आमच्या जिन्याला प्लॅस्टिक. एका मे महिन्यात त्याची किंमत बायकोच्या दोन पाटल्यांनी मोजली. घरातून अजूनही ऐकतो.

गच्चीवर झोपायचंच तर खाली एक माणूस झोपू द्या, आणि कपाट असलेल्या खोलीला वेगळं कुलूप लावा.

आता कूलर. खिडकीत कूलर बसवायचा म्हणून ग्रिलचे दोन-तीन गज कापून द्या असं सांगणारे गिऱ्हाईक मला दर फेब्रुवारीत भेटतात. पावसाळ्यात कूलर माळ्यावर जातो आणि खिडकीत माणूस जाईल एवढं भगदाड राहतं, त्यावर पुठ्ठा लावलेला. गज कापू नका. कूलर ग्रिलच्या बाहेर स्टँडवर ठेवा, हवा गजांतून येते. खिडकी छोटी असेल तर कूलरभोवती पिंजरा करून घ्या, तोही भिंतीत बसवलेला. आणखी एक लक्षात असू द्या, कूलरच्या घरघरीत शेजारच्या खोलीत कपाट उघडलं तरी ऐकू येत नाही. रात्री बेडरूमचं दार आतून लावून झोपा, मोबाईल उशाशी ठेवा, खिडकीच्या कट्ट्यावर नको. गजांतून हात घालून मोबाईल उचलणं याला घरफोडीचीसुद्धा गरज लागत नाही. लातूरच्या शिकवणीच्या पोरांच्या खोल्यांतून पहाटे लॅपटॉप, मोबाईल जातात ते उघड्या दारांतून. अभ्यास करून पोरं दोनला झोपतात, चारला लाईट जाते, उकाड्याने कोणीतरी दार उघडतो.

स्लायडिंगच्या खिडकीला आतल्या ट्रॅकमध्ये लाकडी दांडी टाका. बाथरूमच्या झडपेच्या काचपट्ट्यांना जाळी.

किल्लारीच्या १९९३ च्या भूकंपानंतर लातूर-धाराशिवकडे लोकांनी दगडमातीच्या माळवदांचा, म्हणजे मातीच्या सपाट छताच्या घरांचा, धसका घेतला आणि पत्र्याखाली राहणं पत्करलं. पत्रा बाहेरून हुकांवर बसवलेला असतो, हे त्याचं दुखणं. पैसे असतील तर आतून जाळी वेल्ड करून घ्या. नसतील तर निदान कपाट स्लॅबच्या खोलीत हलवा. जुन्या माळवदाच्या घरात राहत असाल तर उजेडासाठी छताला ठेवलेलं साणं बघा. त्यातून लेकरू आत उतरू शकत असेल तर गज हवेत.

पायरी ५: ऐवज कुठे ठेवायचा

आत शिरलेला माणूस थेट लोखंडी कपाटाकडे जातो. लॉकरची किल्ली कपाटावर, साड्यांच्या घडीखाली, नाहीतर देवघरात, हे त्याला पाठ असतं. तांदळाच्या डब्यात दागिने लपवणाऱ्यांना मी एवढंच म्हणतो, चोरालाही आजी होती.

सोनं बँकेच्या लॉकरमध्येच बरं. पण तिथेही डोळे उघडे ठेवा. १ जानेवारी २०२२ पासूनच्या रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार आग, चोरी, घरफोडी किंवा कर्मचाऱ्याच्या लबाडीने लॉकरमधली वस्तू गेली तर बँकेची जबाबदारी लॉकरच्या वर्षाच्या भाड्याच्या १०० पटींपर्यंत असते. भाडं दोन हजार असेल तर दोन लाख. आजच्या भावाने त्यात किती तोळे येतात ते सराफाला विचारा आणि वेगळ्या विम्याचा विचार करा.

दागिन्यांचे फोटो काढा, पावत्या स्कॅन करून नात्यातल्या कोणाच्या तरी फोनवर पाठवून ठेवा. १ एप्रिल २०२३ पासून हॉलमार्कच्या दागिन्यावर सहा अक्षरी-अंकी एचयूआयडी, म्हणजे त्या दागिन्याचा स्वतःचा ओळख क्रमांक, असल्याशिवाय सराफाला तो विकता येत नाही. तो नंबर लिहून ठेवा. दागिना वितळवला नसेल तर ओळख पटवायला त्याच्याइतकं काही नाही.

कॅमेरा लावलात तर डीव्हीआर, म्हणजे चित्रण साठवणारा डबा, टीव्हीच्या शोकेसमध्ये ठेवू नका. चोर तो उचलूनच नेतात, मग कॅमेरे फक्त भिंतीची शोभा.

पायरी ६: गावाला जाताना

दूध आणि पेपर बंद करा. विश्वासातल्या एकाच शेजाऱ्याला तारखा सांगा, सगळ्या गल्लीला नको. स्टेटसला तुळजापूरचे, गोव्याचे फोटो परत आल्यावर टाका. पोलीस ठाण्यात किंवा आपल्या बीट अंमलदाराला कळवून ठेवा, रात्रीच्या गस्तीत गाडी गल्लीतून फिरायला कारण मिळतं. व्हरांड्याचा दिवा अंधार पडल्यावर लागून उजाडल्यावर विझेल असा सेन्सर इलेक्ट्रिकच्या दुकानात सहज मिळतो.

पायरी ७: तुम्ही घरात असताना

रात्री खडबड ऐकू आली तर बघायला जाऊ नका. खोलीचं दार आतून लावा, दिवे लावा, मोठ्याने बोला, ११२ ला फोन करा, मग शेजाऱ्याला. चोराला निघून जायची वाट मोकळी ठेवा. कोंडलेला माणूस वार करतो. शेजाऱ्याला फोन करणं महत्त्वाचं यासाठी की आसपासच्या दारांना बाहेरून कड्या लावून मग एक घर फोडायचं ही जुनी पद्धत आहे. ओरडा ऐकून लोक उठतात आणि आपल्याच दारात अडकतात. गल्लीतल्या आतलं लॉक असलेल्या घरांनी बाहेरच्या कड्या काढून टाकल्या तर हा प्रश्नच मिटतो. मी स्वतः गल्लीतल्या बऱ्याच कड्या फुकटात कापून दिल्यात.

शेतवस्तीवर, आखाड्यावर राहणाऱ्यांचं गणित वेगळं. तिथे हाकेच्या अंतरावर घर नसतं, आणि शेतीच्या लाईटची पाळी रात्रीची असली की घरचा पुरुष पाणी द्यायला मोटारीवर. अशा ठिकाणी चोरीची जबरी चोरी व्हायला वेळ लागत नाही, आणि पाच किंवा जास्त माणसं मिळून आली तर कायद्याने तो दरोडा. अंगावर सोनं घालून झोपू नका. कुत्रं पाळा, सोलरचा दिवा वस्तीच्या चारी बाजूंना लावा, शेजारच्या आखाड्याशी शिट्टीची नाहीतर बॅटरीची खूण ठरवून घ्या. दारात चाकू घेऊन माणूस उभा राहिला तर जे मागेल ते द्या.

दिवसा एकट्या असलेल्या आजींना दागिने उजळून देतो म्हणणारे आणि साध्या वेशातले 'पोलीस' यांच्याबद्दल आधीच सांगून ठेवा. खरा पोलीस कोणाचे दागिने रुमालात बांधून ठेवत नाही.

पायरी ८: झालीच तर

परत आलात आणि दार उघडं दिसलं तर आत जाऊ नका. चोर अजून आत असू शकतो. बाहेरून ११२. पोलीस येईपर्यंत कशालाही हात लावू नका. कपाट बंद करायचा, विखुरलेले कपडे उचलायचा मोह होतोच, आणि नेमके कपाटाच्या दारावरचे ठसे त्यात पुसले जातात. श्वानपथक यायचं असेल तर गल्लीतली पन्नास माणसं घरातून फिरवू नका.

फिर्याद देताना आठवेल तेवढं सगळं सांगा, पण चार दिवसांनी आणखी काही गेल्याचं कळलं तर घाबरू नका. पुरवणी जबाब देता येतो. आमच्या घरी पाटल्या गेल्याचं पहिल्या दिवशीच कळलं, पण मुलीच्या बारशाची चांदीची वाटी गेल्याचं आठवड्याने लक्षात आलं. चोरी कुठल्या हद्दीत झाली यावरून ठाण्याने परत पाठवता कामा नये. गुन्हा शून्य क्रमांकाने नोंदवून पुढे पाठवायची तरतूद आहे. ऑनलाइन फिर्याद दिली तर तीन दिवसांत जाऊन सही करावी लागते. एफआयआरची प्रत मोफत मिळते, ती घेतल्याशिवाय उठू नका आणि कलमं वाचा. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू आहे. राहत्या घरातली चोरी कलम ३०५, शिक्षा ७ वर्षांपर्यंत. घरफोडी कलम ३३१. सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयाआधी चोरीसाठी घर फोडलं असेल तर १४ वर्षांपर्यंत.

आता त्या कुंडीखालच्या किल्लीचा घोळ. चोराने तुमचीच किल्ली शोधून कुलूप उघडलं तरी कायद्याच्या व्याख्येत ती घरफोडीच, कारण चोरीसाठी कुलूप उघडणं हा घरफोडीच्या प्रकारांतलाच एक. विम्याचं मात्र तसं नाही. बहुतेक पॉलिसींत बळजबरीने आत शिरल्याची खूण लागते. दार फोडलेलं नाही, कुलूप शाबूत, म्हणजे पोलिसांत गुन्हा दाखल आणि विम्यातून नकार, असं दोन्ही एकदम होऊ शकतं. पॉलिसी घेतानाच हे कलम वाचून घ्या.

गेलेल्या मोबाईलचा आयएमईआय नंबर एफआयआरमध्ये घाला आणि 'संचार साथी'च्या पोर्टलवर तो बंद करा. एटीएम कार्ड, चेकबुक त्याच तासाला बंद. माल सापडला तरी तो ठाण्यातून थेट हातात मिळत नाही, कोर्टाकडून सुपूर्दनाम्यावर, म्हणजे मागाल तेव्हा हजर करीन असं लिहून देऊन, घ्यावा लागतो. पावत्या आणि फोटो तिथे पुन्हा कामाला येतात.

आणि तो उपटलेला कोयंडा पंचनामा होईपर्यंत उचलू नका. पोलिसांनी परवानगी दिल्यावर फोटो काढून घ्या, मग चौकट मोजा, डावं दार की उजवं ते बघा, आणि आम्हाला फोन करा. आरपार बोल्ट, पट्टी, नट आम्ही घेऊन येतो. रात्री नऊपर्यंत वर्कशॉप उघडं असतं.